इस्रायल प्रसारण प्राधिकरण : रंगास मनाई असलेली वर्षे

१४ मे १९४८ च्या शुक्रवारी, शब्बाथ सुरू होण्यास काही तासांचा अवकाश असताना, तेल अवीवच्या कलासंग्रहालयात दाविद बेन गुरियन यांनी इस्रायल राज्याच्या स्थापनेचा जाहीरनामा वाचून दाखविला, आणि तो ज्या नभोवाणीवरून लोकांच्या कानी पडला त्या ‘कोल इस्रायल’पासूनच, ज्या संस्थेची हकीकत या स्मरणिकेत द्यावयाची आहे तिच्या वंशावळीस प्रारंभ होतो. आरंभीची कित्येक वर्षे ही नभोवाणी पंतप्रधानांच्या कचेरीचे एक खाते म्हणूनच चालली. तिचे नोकर सरकारी नोकर, तिचा खर्च सरकारी तिजोरीतून, आणि तिच्या बातम्यांवर वरिष्ठांची नजर, हा क्रम १९६५ साली लोकसभेने, म्हणजे तेथील क्नेसेटने, प्रसारण प्राधिकरणाचा कायदा संमत करीपर्यंत अबाधित राहिला. या कायद्याने नभोवाणी खात्यातून निघून एका स्वायत्त मंडळाकडे आली खरी. परंतु स्वायत्तता बातमीपुरती आणि परावलंबन पैशापुरते, अशी जी विभागणी त्या दिवशी झाली, तिच्यातच पुढील सर्व रंगीत प्रकरणाचे बीज होते. संपादकाने काय बोलावे हे मंडळाने ठरवावे, पण कॅमेरा कोणता विकत घ्यावा व परदेशी चलन किती खर्चावे हे मात्र अर्थखात्याने ठरवावे, अशा व्यवस्थेत वाणी जितकी स्वतंत्र राहू शकते तितके दृश्य राहू शकत नाही, हे तेव्हा फारसे कोणाच्या ध्यानी आले नसावे.

दूरचित्रवाणीचे नाव या कायद्याच्या काळी इस्रायलात कोणी फारशा प्रेमाने घेत नसे. बेन गुरियन यांचा तिला उघड विरोध होता. ग्रंथ हाच ज्या प्रजेचा पूर्वापार ठेवा, तिच्या दिवाणखान्यात उथळ करमणुकीची पेटी सरकारने आपल्या हाताने आणून ठेवावी, ही कल्पनाच त्यांना मानवत नव्हती; आणि १९६३ साली ते पंतप्रधानपदावरून दूर होईपर्यंत हा विषय मंत्रिमंडळात पुढे सरकू शकला नाही. त्यांचे उत्तराधिकारी लेवी एश्कोल यांची प्रकृती समजुतीची. त्यांच्या कारकीर्दीत, रॉथशिल्ड घराण्याच्या न्यासाने दिलेल्या द्रव्यबळावर, २४ मार्च १९६६ रोजी शाळांसाठी शैक्षणिक दूरचित्रवाणी सुरू झाली, आणि गणिताच्या व इंग्रजीच्या धड्यांच्या निमित्ताने का होईना, पेटीने उंबरठा ओलांडला.

१९६७ च्या जून महिन्यातील सहा दिवसांच्या युद्धाने उरलेला संकोच एका फटक्यात संपविला. जिंकलेल्या प्रदेशातील अरब घरांतून कैरो व अम्मानची प्रसारणे पाहिली व ऐकली जात असताना जेरुसलेमने मौन धरून बसणे राज्यकर्त्यांस परवडण्यासारखे नव्हते. संस्कृतीच्या आधारावर जी गोष्ट वीस वर्षे अडून राहिली होती, ती संरक्षणाच्या गरजेपुढे वर्षभराच्या आत मार्गी लागली. समाजशास्त्रज्ञ एलिहू कात्झ यांच्याकडे उभारणीचे काम सोपविण्यात आले. जेरुसलेमच्या रोमेमा भागात, पूर्वी हिऱ्यांना पैलू पाडण्याचा कारखाना असलेली इमारत या कामी घेण्यात आली. आणि २ मे १९६८ रोजी, स्वातंत्र्यदिनाच्या लष्करी संचलनाचे जेरुसलेमहून प्रक्षेपण करून संस्थेने आपल्या दृश्य जीवनास आरंभ केला. हिब्रू व अरबी या दोन्ही भाषांतील कार्यक्रम पहिल्यापासूनच होते.

येथे शुक्रवारच्या रात्रीचा मामला थोडक्यात सांगून पुढे गेले पाहिजे, कारण संस्थेच्या स्वायत्ततेचा पहिला कस त्यात लागला. १९६९ च्या शरद ऋतूत गोल्डा मेयर यांच्या सरकारने धार्मिक पक्षांशी केलेल्या मसलतीत शब्बाथच्या दिवशी दूरचित्रवाणी बंद ठेवण्याचे मान्य केले. त्याविरुद्ध एका नागरिकाने सर्वोच्च न्यायालयात धाव घेतली, आणि ७ नोव्हेंबर १९६९ च्या शुक्रवारी न्यायमूर्ती त्स्वी बेरेन्सन यांनी तात्पुरता हुकूम देऊन त्याच रात्रीचे प्रक्षेपण मोकळे केले. तेव्हापासून ते चालू राहिले ते राहिलेच. कायद्याचा आधार मिळाला की ही संस्था सरकारपुढे उभी राहू शकते, हे त्या रात्री दिसले. रंगांच्या बाबतीत मात्र तिला असा कोणी बेरेन्सन भेटला नाही.

युरोपात त्या सुमारास रंगीत दूरचित्रवाणी नुकतीच प्रस्थापित झाली होती. बीबीसीच्या दुसऱ्या वाहिनीने १९६७ च्या जुलैमध्ये विंबल्डनच्या हिरवळीवरून ब्रिटनमधील नियमित रंगीत प्रसारणास प्रारंभ केला, आणि त्याच वर्षीच्या २५ ऑगस्टला बर्लिनच्या नभोवाणी प्रदर्शनात विली ब्रांट यांनी कळ दाबून पश्चिम जर्मनीत रंगांचे उद्घाटन केले. टेलिफुंकेन कंपनीतील वाल्टर ब्रुख यांनी सिद्ध केलेली ‘पाल’ नावाची पद्धती, जी पुढे भारतानेही स्वीकारली, ती या दोन्ही देशांनी घेतली होती. म्हणजे जेरुसलेमच्या हिरेकारखान्यात कृष्णधवल दूरचित्रवाणीचा पाळणा हलत होता तेव्हाच ती विद्या पश्चिमेत जुनी होऊ लागली होती. इस्रायलनेही ‘पाल’चाच मार्ग धरला, पण चित्रणगृहे, कॅमेरे आणि बाह्यप्रक्षेपणाची वाहने सर्व कृष्णधवलच घेतली. नव्या राज्याची ऐपत पाहता त्यात वावगे काही नव्हते.

अडचण निराळ्याच दिशेने आली. संस्थेच्या स्वतःच्या निर्मितीत रंग नसला तरी तिच्या कार्यक्रमपत्रिकेचा मोठा हिस्सा परदेशांतून विकत घेतलेल्या मालिका व चित्रपट यांनी भरलेला असे, आणि १९७० नंतर असा माल बहुधा रंगीतच येऊ लागला. प्रक्षेपणयंत्रणेतून तो जसाच्या तसा सोडला की ज्याच्या घरी रंगीत संच आहे त्यास रंग दिसणार आणि इतरांस पूर्वीसारखेच काळेपांढरे चित्र दिसणार, कोणाचे काही बिघडणार नाही, असा हा सरळ हिशेब होता. परंतु घरात रंग दिसतो ही वार्ता एकदा शेजारी पोचली म्हणजे शेजाऱ्यासही रंगीत संच हवा होणार, तो संच परदेशातून येणार, त्यासाठी डॉलर जाणार, आणि ज्यास तो परवडणार नाही त्याच्या मनात सल राहणार, ही साखळी राज्यकर्त्यांच्या डोळ्यांपुढे होती.

ही भीती काल्पनिक नव्हती, हे त्या काळाचा जमाखर्च पाहणाऱ्यास मान्य करावे लागेल. ज्या राज्याने १९४९ पासून दहा वर्षे अन्नवस्त्रांचे शिधावाटप सोसले, त्याच्या चालकांची काटकसर ही केवळ धोरण नसून स्वभाव बनली होती. त्यातच १९७१ साली पूर्वेकडील देशांतून आलेल्या गरीब ज्यू तरुणांनी ‘ब्लॅक पँथर’ हे नाव घेऊन जेरुसलेमच्या रस्त्यांवर निदर्शने केली आणि विषमतेचा प्रश्न चव्हाट्यावर आणला. १९७३ च्या ऑक्टोबरातील युद्धाने तिजोरी रिकामी केली. आणि १९७४ च्या नोव्हेंबरात डॉलरचा भाव ४.२० लिरांवरून ६ लिरांवर न्यावा लागला. अशा वेळी रंगीत संच ही चैनीची वस्तू, ती समाजातील दरी रुंदावील, असे सरकारने म्हटले तर ते ढोंग नव्हते. माझ्या मते हेतू शुद्ध होता; उपाय मात्र असा निवडला गेला की त्यास प्रशासनाच्या इतिहासात जोड सापडणे कठीण. जकात वाढविणे, आयात बंद करणे, हे सरकारांचे नेहमीचे मार्ग. येथे सरकारने संस्थेस आज्ञा केली की, परदेशी कार्यक्रमांत जो रंग आहे तो प्रक्षेपणापूर्वी पुसून टाकावा.

या कामासाठी जे उपकरण बसविण्यात आले त्यास लोक ‘मेहिकॉन’, म्हणजे पुसणारे यंत्र, म्हणू लागले. त्याची करामत समजण्यास ‘पाल’ पद्धतीची थोडी ओळख हवी. या पद्धतीत चित्र ६२५ रेषांचे असते. प्रत्येक रेषेत उजेडअंधाराची माहिती असते, आणि तिच्यावर आरूढ झालेल्या, सेकंदास ४४ लाखांहून अधिक आंदोलने करणाऱ्या एका उपवाहक लहरीत रंगाची माहिती असते. लाल कोणता नि निळा कोणता हे त्या लहरीच्या कलेवरून ओळखावयाचे. परंतु कला मोजावयाची तर कशाच्या तुलनेने, हे संचास कळले पाहिजे, म्हणून प्रत्येक रेषेच्या आरंभी सुमारे १० आंदोलनांची एक छोटी संदर्भलहर पाठविली जाते. तंबोऱ्याचा षड्ज काढून घेतला तर गवयाचे स्वर कानी येतात, पण पंचम कोणता नि धैवत कोणता याचा ठाव लागत नाही. मेहिकॉन हा षड्ज काढून घेई. संदर्भलहर न सापडल्यामुळे, कार्यक्रम कृष्णधवल आहे असे समजून संच आपले रंगाचे दार आपणच मिटून घेई. मौज अशी की रंगाची सर्व माहिती मात्र तशीच घरोघर जात राहिली; रंग प्रत्येकाच्या छपरावरील तारकाठीपर्यंत येऊन पोचत होता, फक्त तो ओळखण्याची खूण तेवढी सरकारजमा झाली होती.

आता ज्या देशात अभियंत्यांची वाण नाही आणि लष्करातून दूरसंदेशवहनाचे शिक्षण घेऊन दरसाल शेकडो तरुण बाहेर पडतात, तेथे ही खूण घरच्या घरी पुन्हा तयार करणे किती दिवस अशक्य राहणार होते? थोड्याच काळात बाजारात ‘अँटी-मेहिकॉन’ आला. गहाळ झालेल्या संदर्भलहरीच्या जागी हे उपकरण स्वतःची लहर उत्पन्न करी, आणि तिची कला प्रक्षेपकाच्या कलेशी जुळली की पडद्यावर रंग उमटत. पण दोन घड्याळे एकत्र लावली तरी ती हळूहळू एकमेकांपासून सरकतात, त्याप्रमाणे या दोन लहरींचा मेळ टिकत नसे. मग पडद्यावरील माणसांचे चेहरे हिरवे पडू लागत, कधी चित्र एकाएकी काळेपांढरे होई, आणि घरातील कोणीतरी उठून बटण फिरवून रंग पुन्हा जागेवर आणी. ‘येदिओत आहारोनोत’ या दैनिकाने १९७९ च्या जानेवारीत दुकानदारांकडे चौकशी करून जे प्रसिद्ध केले त्यावरून, साधारण परिस्थितीत दर १५ मिनिटांनी, आणि विशेष बिघाड असल्यास तासात १० वेळांपर्यंत हे बटण फिरवावे लागे. उपकरणाची किंमत २,५०० ते ४,००० लिरा, आणि रंगीत संच नेणाऱ्या शंभरांतील नव्वद गिऱ्हाइके ते बरोबरच नेतात, असा दुकानदारांचा अदमास होता.

सरकारी हुकमाची याहून मोठी थट्टा कोणती? संस्था स्वतःच्या पैशाने यंत्र लावून रंग पुसणार, आणि प्रेक्षक स्वतःच्या पैशाने दुसरे यंत्र लावून तो पुन्हा उमटविणार. जे द्रव्य वाचवावयाचे ते दोन्हीकडून खर्ची पडणार, आणि वर ज्याच्यापाशी संच घेण्याइतका पैसा आहे त्याच्यापाशी उपकरणापुरताही असणारच, त्यामुळे श्रीमंतास रंग आणि गरिबास काळेपांढरे ही विषमता जशीच्या तशी उरणार. उपकरणाच्या विक्रीत चोरीछुपी नव्हती. दुकानाच्या फळीवर ते उघड मांडलेले असे. ज्या नियमाचा भंग हा बाजारातील एक नित्याचा व्यवहार होऊन बसतो, तो नियम रद्द करण्यास इतकी वर्षे लागावीत, यास माझ्या मते अर्थखात्याच्या हट्टापेक्षा संस्थेच्या भिडस्तपणाचा वाटा अधिक आहे. त्या काळी महासंचालकपदी यित्झाक लिवनी आणि दूरचित्रवाणीच्या प्रमुखपदी आर्नोन झुकरमान हे दोघेही कर्तबगार व कलाभिज्ञ गृहस्थ होते, आणि बातमीच्या स्वातंत्र्यासाठी ते राजकारण्यांशी झगडतही असत. पण साधनसामग्रीची तरतूद ज्याच्या हाती त्याच्याशी कायमचे वैर घेणे कोणत्याच संस्थाचालकास सोपे जात नाही.

या स्मरणिकेच्या मराठी वाचकांपैकी ज्यांची मुळे कोकणातील बेने इस्राएल समाजात आहेत, त्यांच्या घरच्या आठवणी येथे ताडून पाहण्यासारख्या आहेत. रायगड जिल्ह्यातील खेड्यांतून मुंबईस, आणि मुंबईहून दिमोना, बीरशेबा, अश्दोद, लोद, रामला या गावी गेलेल्या कुटुंबांपैकी जी १९७२ च्या आत गेली, त्यांनी मुंबईत दूरचित्रवाणी पाहिलीच नव्हती, कारण मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. त्यांच्यातील बहुतेकांच्या आयुष्यातील पहिली पेटी ही रोमेमाच्या हिरेकारखान्यातून येणारे चित्र दाखविणारी होती. एकच वाहिनी, आणि रात्री ९ वाजता ‘मबात’ हे बातमीपत्र. त्या वेळी सगळा देश एकाच पडद्यासमोर बसलेला असे, असे जुनी मंडळी सांगतात ते अतिशयोक्त नाही.

रंगांची कोंडी प्रथम फुटली ती बाहेरच्या जगामुळे. १९ नोव्हेंबर १९७७ च्या शनिवारी, शब्बाथ संपल्यावर, इजिप्तचे अध्यक्ष अन्वर सादात बेन गुरियन विमानतळावर उतरले, आणि दुसऱ्या दिवशी त्यांनी क्नेसेटपुढे भाषण केले. ही घटना पाहण्यास साऱ्या जगाच्या वाहिन्या उत्सुक होत्या आणि त्यांना काळेपांढरे चित्र चालणार नव्हते. म्हणून संस्थेने या भेटीचे प्रक्षेपण रंगीत केले. शत्रूराष्ट्राचा प्रमुख पाहुणा म्हणून येतो, त्याच्या स्वागतापुरता रंग मोकळा होतो, आणि तो परतल्यावर पुन्हा पुसणी सुरू होते, हा प्रकार कादंबरीकाराने लिहिला असता तर समीक्षकांनी त्यास असंभाव्य ठरविले असते. याहून विलक्षण म्हणजे, त्याच वर्षीच्या ऑक्टोबरअखेर मेनाहेम बेगिन यांच्या नव्या सरकारचे अर्थमंत्री सिम्हा एर्लिख यांनी परकीय चलनावरील जुनी बंधने उठवून लिराचा भाव मोकळा सोडला होता. म्हणजे ज्या कारणासाठी रंग पुसावयाचा ते कारणच सरकारने स्वतः निकालात काढले होते. तरी पुसणारे यंत्र चालूच.

दुसरा प्रसंग गाण्याचा. १९७८ साली पॅरिस येथे झालेली युरोव्हिजन गीतस्पर्धा इझार कोहेन यांनी इस्रायलला जिंकून दिली, आणि विजेत्या देशाने पुढील वर्षीचे यजमानपद घ्यावयाचे या रिवाजानुसार ३१ मार्च १९७९ रोजी जेरुसलेमच्या ‘बिन्यानेई हाउमा’ या सभागृहात स्पर्धा भरविण्याची जबाबदारी या संस्थेवर आली. इजिप्तशी तहावर सह्या होऊन पाच दिवस झाले होते. युरोपभर जाणारा हा कार्यक्रम रंगीत असणे अनिवार्यच होते, आणि तो संस्थेच्या तंत्रज्ञांनी असा पार पाडला की त्यांच्या कौशल्याविषयी कोणास शंका उरू नये. त्या वर्षीही गाली अतारी व ‘मिल्क अँड हनी’ या वृंदाच्या गीताने इस्रायलच जिंकले. पण सलग दुसऱ्यांदा यजमानपदाचा खर्च झेपणार नाही म्हणून संस्थेने ते नाकारले, आणि १९८० ची स्पर्धा हेगला गेली. विजयाचा आनंद आणि खतावणीची चिंता यांची अशी सांगड त्या दशकात या संस्थेच्या वाट्यास वारंवार आली.

रंगांचा अंतिम निकाल मात्र संस्थेच्या दारी न लागता निवडणुकीच्या बाजारात लागला. १९८१ च्या जानेवारीत अर्थमंत्री झालेले योराम अरिदोर यांनी मोटारी व रंगीत दूरचित्रवाणी संच यांवरील कर उतरविले. महागाई शेकडा शंभराच्या पुढे गेलेली, त्यात हे संच स्वस्त झालेले. दुकानांपुढे लोकांच्या रांगा लागल्या. विरोधकांनी यास मतांची खरेदी म्हटले आणि अर्थशास्त्रज्ञांनी डोके धरले. ३० जूनच्या निवडणुकीत बेगिन यांच्या लिकूद पक्षास ४८ आणि मजूर आघाडीस ४७ जागा मिळाल्या. या एका जागेत रंगीत संचांचा वाटा किती, हे गणित कोणी सोडवू नये. एवढे खरे की, ज्या वस्तूने समाजात दरी पडेल म्हणून एका सरकारने तिचे चित्र पुसले, तीच वस्तू दुसऱ्या सरकारने गरीब वस्त्यांतील मतदारापुढे हक्क म्हणून ठेवली. आणि दिमोना, बीरशेबासारख्या गावांनी तिचे स्वागत केले, याबद्दल त्यांना दोष देणाऱ्याने आधी आपल्या घरचा संच पाहावा.

इतके झाल्यावर पुसणीस अर्थ उरला नाही. महासंचालकपदी आता योसेफ ऊर्फ टॉमी लापिद होते, बोलण्यास फटकळ आणि कामास झपाट्याचे. कृष्णधवल कॅमेरे टप्प्याटप्प्याने बदलले गेले, आणि १६ फेब्रुवारी १९८३ रोजी ‘मबात’ रंगीत झाले. शेजारच्या जॉर्डनमध्ये रंगीत प्रसारण त्याच्या कितीतरी आधीपासून सुरू होते. आपल्याकडे १५ ऑगस्ट १९८२ पासून रंग आला होता आणि त्या नोव्हेंबरातील दिल्लीच्या आशियाई क्रीडास्पर्धा मुंबईकरांनी रंगीत पाहिल्या, तेव्हा जेरुसलेमची रात्रीची बातमी अद्याप काळीपांढरीच होती. त्या स्पर्धांत इस्रायलचा संघ नव्हता. १९७४ च्या तेहरानच्या स्पर्धांनंतर आशियाई मैदानावर त्या देशास स्थान राहिले नव्हते.

पुढील इतिहास थोडक्यात उरकतो, कारण तो एकाधिकार गमावलेल्या कोणत्याही प्रसारण संस्थेचा असावा तसाच आहे. १९९३ च्या नोव्हेंबरात जाहिरातींवर चालणारी दुसरी वाहिनी आली. प्रेक्षक तिकडे वळले. परवाना शुल्काबद्दल लोकांची नाराजी वाढत गेली. सुधारणांचे अहवाल आले नि दप्तरी पडले. शेवटी संस्था मोडून नवे महामंडळ काढण्याचा कायदा झाला, आणि ९ मे २०१७ च्या रात्री, आजचे ‘मबात’ शेवटचे आहे ही वर्दी जेमतेम तासदोन तास आधी मिळालेल्या कर्मचाऱ्यांनी चित्रणगृहात उभे राहून राष्ट्रगीत म्हटले. त्याच महिन्याच्या मध्यावर ‘कान’ या नव्या महामंडळाचे प्रसारण सुरू झाले, आणि जुन्या संस्थेचा चित्रसंग्रह त्याच्या ताब्यात गेला.

त्या संग्रहात सादातांचे आगमन आहे, गीतस्पर्धा आहे, संचलने आहेत. घरोघर बटण फिरविणाऱ्या प्रेक्षकाची नोंद मात्र कोणत्याही दप्तरात नाही. तेव्हा वाचकांस विनंती की, ज्यांच्या माळ्यावर वा कपाटात त्या काळचे ‘अँटी-मेहिकॉन’ उपकरण, त्याची पावती, अथवा त्यासमोर बसलेल्या कुटुंबाचे छायाचित्र असेल, त्यांनी ते मोडीत न घालता, शक्य तर आपल्या चार ओळींच्या आठवणीसह, या स्मरणिकेच्या संपादकांकडे पाठवावे. पुढील आवृत्तीत त्यास जागा राखून ठेवण्यात आली आहे.